पाटावर ठेवलेली अनामत

आमच्या घरात धाकट्या सुनेने थोरल्या दिराच्या हातात काही द्यायचं नसतं. पाणी असो, ताट असो, पैसे असोत, पाटावर ठेवायचं आणि बाजूला व्हायचं. मग ते उचलतात. लग्न होऊन आले तेव्हा सासूबाईंनी हे पहिल्याच दिवशी सांगितलं आणि मला बरंच वाटलं. माणसाच्या तोंडाकडे बघत मला काही देता-घेता येत नाही.

म्हणून माझी पुतळ्यांची माळ मोडून आलेले पैसेही मी पाटावरच ठेवले. ती माळ वडिलांनी शेत विकलं तेव्हा मला घातली होती.

विठ्ठलवाडीचं एक घर बँकेने लिलावात काढलं होतं. कुणाला तरी कर्ज फेडता आलं नव्हतं, म्हणून बँकेने ते ताब्यात घेतलेलं. आमची डोंबिवलीची इमारत पालिकेने धोकादायक ठरवलेली, जिन्याला लोखंडी टेकू लावलेले. खोली सोडायचीच होती. आम्ही सगळे ज्यांना दादा म्हणतो ते माझे थोरले दीर म्हणाले, "भाड्यात किती वर्षं घालवणार? लिलावात घर स्वस्त पडतं."

बोली लावायची तर आधी किमतीचा दहावा हिस्सा बँकेत अनामत म्हणून भरायचा. घर मिळालं तर तो किमतीत धरतात, नाही मिळालं तर परत देतात. एवढं मला समजलं होतं. माळेचे पैसे त्या अनामतीसाठीच होते.

घर ह्यांच्या नि माझ्या नावावर होणार म्हणून सहीला मीही ठाण्याच्या बँकेत गेलेले. अर्ज इंग्रजीत होता. तिथल्या बाई एकेक रकाना मराठीत विचारून भरत होत्या. एका ठिकाणी थांबून त्या म्हणाल्या, "पैसे परत करायची वेळ आली तर कुणाच्या खात्यात करायचे?"

दादा लगेच म्हणाले, "माझ्याच. भरतोय पण मीच. ह्याच्या खात्यात पगार सकाळी येतो नि संध्याकाळी पळतो."

हे हसले. बाईंनी माझ्याकडे बघितलं. "ताई, चालेल ना?"

मी मान हलवली. नाही कसं म्हणणार होते? दादांचा रेती-खडीचा धंदा, माजिवड्याला स्वतःचं घर. मोठं काम मोठ्याच्या हातून करायचं ही आमच्याकडची रीत. तेव्हा मला त्यात काही वावगं दिसलं नाही. खरं सांगायचं तर जरासं दिसलं होतं, पण ते बोलायचं कसं ते सुचलं नाही.

लिलाव दादांच्या घरी कम्प्युटरवर झाला. पडद्यावर आकडा वाढत गेला. हे दोनदा म्हणाले, "अजून एकदा लावू, दादा." मग म्हणाले, "राहू दे." चहा निवायच्या आत घर दुसऱ्याचं झालं. वाईट वाटलं, पण माळेचे पैसे तरी परत येतील, त्यात दुसऱ्या खोलीचं डिपॉझिट भागेल, असं मी मनाशी धरलं.

महिना गेला. ह्यांनी विचारलं तेव्हा दादा म्हणाले, "अरे, बँकेचं काम असंच असतं. आले की सांगतो ना."

आणखी एक महिना गेला. मी वर्तकनगरला दोन घरी पोळ्या करते. एके दिवशी काम उरकून एकटीच बँकेत शिरले आणि खुर्चीवर बसून राहिले. तासाभराने त्याच बाई बाहेर आल्या आणि त्यांनी मला ओळखलं.

"ताई, तुम्ही इथे? काय काम होतं?"

"ते पैसे परत नाही आले," मी म्हणाले.

त्यांनी आत जाऊन बघितलं. "ते तर तिसऱ्याच दिवशी गेले. लिलावात हरलेले लोक दुसऱ्या दिवशी भांडायला येतात, तुम्ही दोन महिन्यांनी येताय." त्या हसत होत्या. मग माझा चेहरा बघून थांबल्या. एका चिठ्ठीवर तारीख, पैसे गेल्याचा नंबर आणि रक्कम लिहून त्यांनी खाली शिक्का मारला. "ज्यांच्या खात्यात गेलेत त्यांना दाखवा. आमच्याकडून तुमचं काम पूर्ण झालंय."

घरी आल्यावर ह्यांना चिठ्ठी दाखवली. ह्यांनी ती दोनदा वाचली. "दादाची काहीतरी अडचण असेल," म्हणाले.

"विचारा ना एकदा."

"काय विचारू? तू खोटं बोलतोस, असं म्हणू?"

मग हे नळाला पाणी आलंय का ते बघायला उठले. पाणी यायची ती वेळ नव्हती.

गणपतीला आम्ही सगळे माजिवड्याला जमतो. मी चिठ्ठी ब्लाऊजमध्ये ठेवून गेले. तोंडाने मला जमणार नव्हतं. पण ठेवणं मला येतं. दादांचा चहा द्यायला गेले तेव्हा पाटावर कपबशी ठेवली आणि शेजारी ती चिठ्ठी, शिक्का वर करून. दाराआड उभी राहिले.

दादांनी चष्मा लावून ती वाचली. बराच वेळ वाचली. मग चहा प्यायले. चिठ्ठीची घडी घातली, अजून एक घडी घातली, सदऱ्याच्या खिशात टाकली आणि आरतीला उठले.

"काय गो, इथे काय उभी?" जाऊबाई म्हणाल्या. "वाटाणे करपतील."

मी वाटाणे बघायला गेले. निघताना दादा ह्यांना म्हणाले, "खोली बघितलीस का कुठे? लवकर बघ, उगाच जिवाशी खेळ नको." हे हो म्हणाले. दोघंही माझ्याकडे बघत नव्हते.

नंबर मी दुसरीकडे उतरवून ठेवला नव्हता. चिठ्ठी वाचली की दादा काहीतरी बोलतील, एवढाच विचार मी केला होता. ते बोलले नाहीत तर काय, हे मनातच आलं नाही. आणि ह्यांना मी अजून सांगितलेलं नाही की चिठ्ठी आता आपल्याकडे नाही. त्यांनीही विचारलेलं नाही.

दसऱ्यानंतर पालिकेचे लोक इमारतीची वीज तोडणार आहेत. खालच्या दोन घरांनी सामान हलवलंय. बँकेतल्या बाईंकडून दुसरी चिठ्ठी मिळेल, हे मला माहीत आहे. वर्तकनगरहून येताना रोज त्या दारावरून जाते. दुसरी चिठ्ठी घेऊन ती कुठे ठेवायची, तेवढं मात्र मला कळत नाही.