फिर्यादीतली जास्तीची नावे

नोकरीत मी खून पाहिले, दरोडे पाहिले. पण विसरू म्हटले तरी विसरत नाही तो उमरखेडकडच्या एका तांड्यावरचा हुंड्याचा गुन्हा. त्याचा तपास मी केला, हे आजही छाती पुढे काढून सांगतो.

दिवाळी उलटली होती. हाताला प्लास्टर घातलेली एक तरुण मुलगी वडिलांबरोबर ठाण्यात आली. माहेरहून मोटारसायकल आण, म्हणून नवरा छळायचा. शेवटी त्याने लाकडाने मारून तिचा हात मोडला. फिर्याद शहरातून टाइप करूनच आणलेली होती. तिच्यात नवऱ्याबरोबर सासू, सासरे, दीर, जाऊ आणि लग्न होऊन परगावी गेलेली नणंदही होती. 'सर्वांनी मिळून मारहाण केली', एवढ्या एका वाक्यात सगळे घर आरोपी. गुन्हा दाखल झाला आणि तपास माझ्याकडे आला.

तेवढ्यात तांड्याच्या पोलीस पाटलाचा फोन आला.

"साहेब, पंचनाम्याले या. पण सासू-सासऱ्याले कुठून आणसान? ते तं दसऱ्यापासून ऊस तोडून राह्यले."

मी गेलो. दसरा झाला की हा तांडा अर्धा रिकामा होतो, हे तिथले शेंबडे पोरही सांगेल. फिर्याद टाइप करणाऱ्याला तेवढे कुठले ठाऊक? सासऱ्याच्या दाराला कुलूप होते आणि शेळ्या शिरू नयेत म्हणून काट्या लावलेल्या होत्या. दीर-जाऊही त्याच ऊसतोड टोळीत गेलेले. टोळीच्या मुकादमाकडे खात्री केली, पंचांसमोर लाकूड जप्त केले आणि नवऱ्याला ताब्यात घेतले.

पठ्ठ्या मजेत होता. वर चहा मागत होता.

"साहेब, टाका ना सगळ्याइचे नावं," तो म्हणाला. "माय-बाप इथं नव्हतेच. ते खोटं निघालं का माही बी केस उडते."

माझ्या डोक्यात तिडीक गेली. जास्तीची नावे त्याला बुडवत नव्हती, तारत होती.

मी मुलीला बोलावले. महिला हवालदार तिच्याजवळ बसली. मी कागद बाजूला ठेवून विचारले, "त्या दिवशी चूल कोणी पेटवली?"

"म्याच."

"आणि सासू?"

ती रडायला लागली. "वकीलसाहेब म्हणे, सगळे नावं टाकल्याबिगर पोलीस हालत नाही. साहेब, आता खरं सांगितलं तं तोही सुटन काय?"

"खोटं ठेवलंस तर सुटेल."

तिने खरे सांगितले. जबाब झाला. बाहेर तिचे वडील माझ्यावर तुटून पडले. "त्याइनं पैसे चारले काय तुमाले? एसपी साहेबाकडं जातो मी." मी म्हणालो, "खुशाल जा. पण तिचा हात ज्यानं मोडला, त्याला सोडणार नाही, हा माझा शब्द."

गुन्हा रद्द व्हावा म्हणून सासरच्यांनी उच्च न्यायालयात अर्ज केला. न्यायालयाने आमचे म्हणणे मागवले. गप्प बसा, कोर्ट पाहून घेईल, असा सल्ला अनेकांनी दिला. मी आढळले ते सगळे लिहून दिले. नवरा सोडून सगळ्यांवरचा गुन्हा रद्द झाला.

ऊस संपवून सासू परतली ती थेट ठाण्यात आली. म्हणाली, "हात मोडल्यावर पोरीनं पयला फोन मलेच केला. शेजारणीले सांगून म्याच तिले दवाखान्यात धाडली. मारलं कोणं, ते तिनं तवाच सांगितलं. लिवा साहेब." पोटच्या पोराविरुद्ध ती साक्षीला उभी राहिली. बचावाच्या वकिलाने खूप पिळले, पण ती हलली नाही. नवऱ्याला शिक्षा झाली.

माझ्या ठाण्यातून इतके निखळ दोषारोपपत्र क्वचितच गेले असेल. आरोपी वाढवले की गुन्हा मोठा होतो, असे लोकांना वाटते. उलट त्या गर्दीतून खरा गुन्हेगार निसटतो, आणि खरा साक्षीदार आरोपीच्या पिंजऱ्यात जाऊन उभा राहतो. नव्या फौजदारांना मी हेच सांगत आलो.

निकालाच्या दिवशी मुलीचे वडील माझ्याशी नजर मिळवत नव्हते. मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. मुलगी कोर्टाच्या पायरीवर सासूशेजारी खाली मान घालून बसली होती. "याडी, तुमचं नाव म्या लिवू दिलं," ती पुटपुटली. तांड्यात आईला याडी म्हणतात.

सासूने तिचा हात मांडीवर घेतला. म्हणाली, "ते राहू दे. थंडीत ठणकते काय अजून?"