मोठ्या आईचा खांदा आणि पुलगावच्या वराती

"हे बाई आपल्याकडची नाई वाटत."

"मंग नवरीकडची असंल. हात पाह्य ना कशी वर करून राह्यली!"

माझ्या मागे दोन बायका बोलत होत्या. पुलगावच्या रस्त्यावरून संध्याकाळची वरात चालली होती, बँड रंगात आला होता, आणि ती बाई नवरदेवाकडची नव्हती, नवरीकडचीही नव्हती. ती माझी मोठी आई होती, म्हणजे माझ्या वडिलांच्या थोरल्या भावाची बायको. राहणार शेजारच्या नाचणगावची. आम्हांला त्या लग्नाचं बोलावणं नव्हतं. मोठी आई वरातीत खांद्याच्या इलाजासाठी आली होती!

अठ्ठ्याहत्तरच्या उन्हाळ्यातली ही गोष्ट. त्या वर्षी होळीच्या सुमारास मोठी आई बैलबंडीतून उतरताना पडली आणि उजवा हात मोडला. प्लास्टर निघालं, हाड जुळलं, पण खांदा आखडला तो आखडलाच. हात कानाच्या वर जाईना. पुलगावच्या डॉक्टरांनी बजावलं, "बाई, रोज हात हलवा. ताल धरून, मोजत मोजत. नाहीतर जन्मभर असाच राहील."

जन्मभराची भीती मोठ्या आईला फारशी नव्हती. तिला भीती होती ती मोठ्या बाबांची. एका हातानं अंबाडा घालता येत नाही, म्हणून सकाळी दार लावून तिचे केस मोठे बाबा बांधत. त्यांना दोर वळण्याची सवय. त्यांनी घातलेली वेणी इतकी कडक निघायची की मोठी आई वळली की वेणी आधी वळायची आणि ती मागून! गल्लीतल्या बायका तोंडाला पदर लावत.

"कुंदे," ती मला म्हणाली, "ह्या बुवाकडून केस बांधून घेन्यापरीस मी टक्कल करीन. मले माहा अंबाडा माह्या हातानं घालता आला पाह्यजे."

मी नागपूरच्या कॉन्व्हेंटमध्ये शिकत होते आणि सुटीला आले होते, त्यामुळे मोजण्याचं काम माझ्याकडे आलं. घरात इंग्रजी शिकलेली मी एकटीच, म्हणून डॉक्टरी गोष्टी मलाच जास्त कळतात असा सगळ्यांचा समज होता. पण माझा आवाज! वर्गात हजेरी द्यायची तरी बाई मला तीनतीनदा हाक मारायच्या, कारण मी दिलेली "प्रेझेंट" फक्त माझ्या बाकाला ऐकू जाई. मी मोठ्या आईसमोर उभी राहून "वन... टू..." असं म्हणू लागले.

"तू मोजून राह्यली का मंत्र टाकून राह्यली वं?" तिनं विचारलं, आणि थोड्याच वेळात खुर्चीत बसल्या बसल्या घोरायला लागली.

मग रेडिओ लावून पाहिला. गाणं लागलं की हात उठायचा, तेवढ्यात गाणं संपून कापसाचे भाव सुरू व्हायचे. हात अर्ध्यात! कापसाच्या भावावर व्यायाम करणं कुणालाच शक्य नाही. (मोठ्या बाबांचा मात्र भाव ऐकताना आपोआप व्हायचा. ते दोन्ही हात कपाळावर मारून घेत.)

आणि एका दुपारी शेजारच्या टिनाच्या शेडमध्ये बँडचा सराव सुरू झाला. लग्नसराई तोंडावर होती. क्लॅरिनेट, ट्रम्पेट, ताशा आणि एक भला मोठा ढोल. मोठी आई तेव्हा परसात मिरच्या वाळत घालत होती. मी खिडकीतून पाहत होते. ढोल वाजला आणि तिचा डावा पाय हलला. ताशा कडकडला आणि मान हलली. मग ट्रम्पेटनं वरचा सूर लावला, आणि तिचा उजवा हात सुरामागं चालू लागला! खांद्यापर्यंत आला, कानापर्यंत आला. तिथं कळ आली असणार, कारण तिनं ओठ चावला, पण ढोल थांबेना म्हणून तीही थांबेना.

त्या दिवसापासून दुपारची झोप बंद. संथ गाणं लागलं की ती भिंतीवर बोटं चालवत हात वर न्यायची, उडत्या चालीचं लागलं की हात गोल फिरवायची. बोटं जिथपर्यंत पोचली तिथं मी कोळशानं रेघ मारायची. रेघा भिंतीवर चढत चालल्या. मी इतकं बारीक निरीक्षण करणारी, पण खांद्याशिवाय आणखी काय काय सुधारतंय हे मला उशिरा कळलं. जिना चढताना तिला दम लागायचा, तो थांबला. रात्री कूस बदलत पडून राहायची, ती गाढ झोपायला लागली. मोठ्या बाबांवर ओरडणं निम्म्यावर आलं. (ते घाबरून मला हळूच म्हणाले, "पोरी, डॉक्टरले बोलाव. इचं काहीतरी बिनसलं.")

मला तिचा फार अभिमान वाटायचा. नऊवारी कमरेला खोचून, कपाळावर घाम घेऊन, एकटीच परसात झुलणारी ती बाई मला आमच्या शाळेतल्या सगळ्या ड्रिलपेक्षा सुंदर दिसायची. मी हे तिला कधी सांगितलं नाही. सांगायचं म्हणजे बोलावं लागलं असतं.

मग लग्नसराई लागली, बँड पुलगावला गेला आणि शेड रिकामं झालं. चार दिवसांत खांदा पुन्हा कुरकुरायला लागला. भिंतीवरची वरची रेघ हाताला लागेना.

"कुंदे, पेटीतून माहं लुगडं काढ चांगलं," मोठी आई म्हणाली. "चाल."

"कुठे?"

"बँड जिथं गेला तिथं."

"पण मोठी आई, आपल्याला बोलावलं नाही!"

"वरातीत कोन कोनाले विचारते वं? नवरदेवाकडच्याले वाटते हे गावची, गाववाल्याले वाटते नवरदेवाकडची. आपन जेवाले थोडीच चाललो? हात वर झाला का घरी."

पहिल्या वरातीत हे बरोबर ठरलं. दुसऱ्या वरातीत कुणीतरी आम्हांला सरबत दिलं. क्लॅरिनेटवाले मास्तर आता तिला ओळखायला लागले होते. ती दिसली की ते एक संथ गाणं हमखास घ्यायचे आणि आपली क्लॅरिनेट तिच्या हातासोबत वर वर न्यायचे. त्यांच्यामागून सगळा बँड. आम्हांला वाटलं, आपलं बस्तान बसलं!

तिसरी वरात ही, जिच्यात त्या दोन बायका माझ्यामागे कुजबुजत होत्या. मांडवाच्या दारात वरात थांबली तेव्हा मोठी आई सगळ्यांत पुढे होती, डोळे अर्धे मिटलेले, दोन्ही हात वर. नवरीकडच्या बायकांनी पाहिलं की ही एवढ्या हौसेनं नाचते म्हणजे ही नवरदेवाची आत्याच, आणि पाय धुण्याचा पहिला मान आत्याचा. त्यांनी तिला पाटावर उभं केलं, कुंकू लावलं आणि पितळी तांब्या तिच्या पायांवर रिकामा केला!

मागून खरी आत्या पोचली.

"माह्या मानाचं पानी हिच्या पायावर? हे कोन?" ती कडाडली. "मी पाऊल टाकत नाई मांडवात!"

आत्या रुसली म्हणून नवरदेव घोड्यावरून उतरेना. नवरीचे वडील धावत आले. नवीन तांब्या आणला, तर आत्या म्हणे, "उरलेलं पानी मले नको!" भटजी मुहूर्ताच्या नावानं ओरडू लागले. बँड बंद पडला. मास्तर क्लॅरिनेटमध्ये काहीतरी अडकल्यासारखे आत डोकावून पाहत राहिले.

"बाई, तुम्ही कोनाकडच्या?" नवरीच्या वडिलांनी हात जोडून विचारलं.

मोठी आई, जिच्या तोंडाला कधी विसावा नव्हता, ती नुसती पाटावरून खाली उतरली! चेहरा पांढरा पडलेला. भर रस्त्यात चोरासारखी उभी. मांडवातून कुणीतरी म्हणालं, "फुकट जेवाले आली असंल." गडबडीत तिची वेणी सुटून खांद्यावर आली होती. तिनं मान खाली घातली, दोन्ही हात डोक्यामागे नेले आणि केस गुंडाळून अंबाडा घातला. छान, गोल, घट्ट. दोन्ही हातांनी!

तिच्या ते लक्षातही आलं नाही. त्या शंभरसव्वाशे माणसांत ते एकट्या मला दिसलं. हिला चोर म्हणतात? हिला?

"अहो, कोनाकडच्या तुम्ही? बोला ना कोनीतरी!"

कॉन्व्हेंटच्या प्रत्येक प्रगतिपुस्तकात माझ्याबद्दल एकच शेरा असायचा, की मुलीनं मोठ्यानं बोलायला शिकावं. त्या संध्याकाळी मी शिकले. घोडा बिचकला इतक्या मोठ्यानं मी म्हणाले,

"आम्ही बँडकडच्या आहोत! तुमचं लग्न चालू द्या, आमच्या बाजूनं काही हरकत नाही!"