थप्पी कुठं होती?

घरत नानांना 'शांत, मितभाषी' म्हणणं आधी बंद करा.

सकाळपासून आमच्या जुन्या स्टाफच्या ग्रुपवर तेच चाललंय. फुलं, हात जोडलेले, आणि वर 'अजातशत्रू व्यक्तिमत्त्व'.

अजातशत्रू? ज्या माणसाला तुम्ही रेकॉर्ड रूममधून उचलून चादरींच्या गोदामात बसवलंत, तो अजातशत्रू?

आज पहाटे रोडपालीला, मुलाच्या घरी नाना गेले. झोपेत गेले. त्यांच्या आयुष्यात शांतपणे झालेली बहुतेक ही एकच गोष्ट.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते.

नव्वदच्या दशकात, एक्स्प्रेसवे व्हायच्या आधी, पनवेलला हायवेलगत एका ट्रस्टचं हॉस्पिटल होतं. नाव घेत नाही. नाना तिथे रेकॉर्ड क्लार्क. मिठागरवाल्यांच्या घरातला माणूस, मुंबईला जाऊन रेकॉर्डचा कोर्स करून आलेला. मी त्यांची असिस्टंट. बावीस वर्षांची, टायपिंग पास, बाकी आनंद.

काम असं, की पेशंटला कशाने लागलं त्याचा कोड केसपेपरवर आणि रजिस्टरात टाकायचा. त्याचं एक जाडजूड पुस्तक होतं. चालत्या गाडीतून पडला तर आठशे अठरा. नुसता उंचावरून पडला, गाडीचा संबंध नाही, तर आठशे चौऱ्याऐंशी.

डॉक्टर घाईत 'पडला' एवढंच लिहायचे. दुसरा कुणी असता तर त्यावरच कोड ठोकून चहाला गेला असता.

नाना रजिस्टर घेऊन वॉर्डात जायचे. सायकलवर पुढे होतास का मागे? डंपर उभा होता का चालू? तुझा पाय कुठे होता?

डॉक्टर वैतागायचे. "घरत, तुम्ही पोलीस आहात का?"

"नाय साहेब. पन पुस्तकात इचारलाय, मंग आमी नको इचारायला?"

मला तेव्हा त्यांची लाज वाटायची. खरं सांगते.

मग सोमी आली. सोमी वाघे, डोंगराकडच्या वाडीवरची, वीटभट्टीवर कामाला. कमरेखाली काही हलत नव्हतं. सोबत भट्टीचा मुकादम. त्यानेच सगळं सांगितलं, "विटांच्या थप्पीवरून पडली." डॉक्टरांनी तसंच लिहिलं.

नाना कॉटजवळ स्टूल ओढून बसले. मी मागे उभी.

"सोमे, थप्पी कुठं होती?"

ती मुकादमाकडे बघायला लागली. नानांनी त्याला बाहेर जायला सांगितलं. तो जाईना, तेव्हा नाना ओरडले. मितभाषी नाना! पार गेटपर्यंत आवाज गेला असेल.

मुकादम गेल्यावर ती बोलली. "टरकात व्हती. कामोठ्याला बिल्डिंगीवर विटा उतरायच्या व्हत्या. आमी वर बसलो व्हतो. वलनावर मी खाली आले."

"गाडी चालू होती?"

"जोरात व्हती, नाना."

म्हणजे मुकादम एक शब्दही खोटं बोलला नव्हता. थप्पीवरूनच पडली. फक्त ती थप्पी धावत होती, हे त्याने गिळलं.

अशा बायका रोज विटांवर बसून जायच्या. पडल्या की 'पडल्या'. आणि कागदावर ट्रक नाही म्हणजे पोलिसांच्या लेखीही ट्रक नाही, ड्रायव्हर नाही, मालक नाही. बाई आपली आपण पडली.

नानांनी आठशे अठरा लिहिलं. कारणाच्या रकान्यात 'चालत्या ट्रकवरून'.

भट्टीचा मालक आमच्या एका ट्रस्टीचा सख्खा मेहुणा. दुसऱ्या दिवशी नानांना त्या ट्रस्टीच्या केबिनमध्ये बोलावणं आलं. मी बाहेर टाइप करत होते, सगळं ऐकू येत होतं.

"घरत, साधा आकडा आहे. बदला आणि विषय संपवा."

"बाई जलमभर झोपून रानार हाय साहेब. तिचा इषय कसा संपवू?"

"तुमची नोकरी आहे ना अजून?"

"हाय. म्हनून तर लिवलाय."

दुपारी नाना चादरींच्या गोदामात. त्यांच्या बाजूने एक माणूस बोलला नाही. आज फुलं टाकणाऱ्यांपैकी चौघं त्या मजल्यावर हजर होते. मी नावं घेतली तर ग्रुप बंद पडेल.

आणि संध्याकाळी ते रजिस्टर कुणाच्या टेबलावर आलं?

माझ्या.

नानांच्या नोंदीवर रेघ मारली, वर आठशे चौऱ्याऐंशी लिहिलं, बाजूला सही केली. डिस्चार्जचा कागद टाइप केला, 'विटांच्या थप्पीवरून पडून'. एकही स्पेलिंग चुकलं नाही. पोलिसांनी तोच कागद नेला. केस झाली नाही.

एवढी वर्षं मी ट्रस्टीला शिव्या घातल्या, मुकादमाला घातल्या, या ग्रुपला तर आजही घालतेय. पण रेघ त्यांच्यापैकी कुणी मारली नव्हती.

सोमीचा नवरा आणि दीर तिला झोळीत घालून घेऊन गेले, तेव्हा मी खिडकीतून पाहिलं. खाली गेले नाही.

नानांना कळलंच. माझं अक्षर त्यांनीच सुधारलं होतं. गोदामाच्या दारात एकदाच म्हणाले, रागाने नाही, "पोरी, सोमीला इचारलंस का?"

मी चादरी घेतल्या आणि निघून आले. त्यानंतर त्यांनी तो विषय काढला नाही. माझ्या लग्नालाही आले, पोटभर जेवले. त्याचाच जास्त राग येतो मला.

नाना, श्रद्धांजली बाकीच्यांनी वाहिली आहे. मी उत्तर द्यायला आलेय.

नाही विचारलं.

ती समोरच्याच वॉर्डात होती, आणि मी नाही विचारलं.

सोमी वाघे चालत्या ट्रकवरून पडली होती. तुमची नोंद बरोबर होती.

या, नाना.