कॅमेरेवालीचं तोंड

कॅमेरेवाली घाबरून माहेरी पळाली, अशी बातमी जिन्यात पिकली होती. धादांत खोटी! पोरगी घरातच होती. पडदे ओढून, फोन बंद करून. कुकरची शिट्टीसुद्धा तिने होऊ दिली नाही. दोन वेळा कच्चा भात खाल्ला बिचाऱ्या नवऱ्याने.

एरवी ती लग्नांचे व्हिडिओ काढायची. रुसलेल्या आत्याबाईंनाही हसवून फ्रेममध्ये घ्यायची. पण थोरली जाऊ ज्या शिवणकारखान्यात होती, तिथे आग लागली. कामाच्या वेळी दाराला बाहेरून कुलूप. बायका धुरात गुदमरल्या, दोघी गेल्या. मालक म्हणाला, दार उघडंच होतं. तेव्हा हिने कॅमेरा उचलला आणि माहितीपट काढला. उद्या तो सभागृहात कामगार अधिकाऱ्यांसमोर दाखवायचा होता.

आणि आज कारखान्याचा मुकादम दारोदार फिरत होता. तिच्या दाराशी आला, कडी वाजवली.

"उद्या पहिल्या रांगेत बसणार आहे मी," तो बाहेरूनच म्हणाला. "आमच्यातली कोण बोललीय ते बघायचंय. माझ्या बायका मी पाठीवरूनसुद्धा ओळखतो."

त्याची पावलं जिना उतरेपर्यंत हिने श्वास घेतला नाही. मग माहितीपट पुन्हा लावला आणि कपाळावर हात मारला. जाऊचा चेहरा दिसू नये म्हणून तिला पाठमोरं बसवलं होतं खरं. पण बसवलं कुठे, तर आरशाच्या कपाटासमोर! आरशात जाऊ अगदी पासपोर्टच्या फोटोसारखी स्पष्ट.

जाऊला बोलावून घेतलं. आरशातली स्वतःला बघून जाऊ पांढरीफटक पडली.

"नुसता आवाज ठेवू का, ताई?"

"अगं, माझा आवाज अख्खी इमारत ओळखते. एक तुझे मोठे दीर सोडले तर! ते कधी ऐकतात?" जाऊ हसायला गेली आणि रडलीच. "माझं काम गेलं तर पोरांना काय घालू? काढून टाक मला."

काढावं, तर कुलपाचं सांगणारं दुसरं कोणीच नव्हतं. बाकीच्या सगळ्या 'फार धूर होता' एवढंच बोलून गप्प झाल्या होत्या.

कॅमेरेवालीने जाऊचा तुकडा कापला आणि कॅमेरा स्वतःकडे वळवला. जाऊचं बोलणं शब्दन् शब्द स्वतःच्या तोंडाने म्हटलं. एकदा चक्क उचकी लागली. ती उचकी तशीच राहिली.

दुसऱ्या दिवशी पडद्यावर तिचं तोंड केवढं मोठं! खाली खुर्चीत ती पदराचं टोक चावत बसली होती. दिवे लागताच पहिल्या रांगेतून मुकादम उठला.

"ए बाई, आमच्या कारखान्यात तू कधी पाऊल तरी टाकलंस का? दाराला कुलूप होतं हे तुला काय माहीत?"

अधिकाऱ्यांनी तिच्याकडे मान वळवली. ती खुर्चीची पाठ धरून उठली.

"मला नाहीच माहीत, भाऊ. तुम्हाला माहीत आहे ना? मग साहेबांना सांगा, आग लागली तेव्हा किल्ली कोणाच्या खिशात होती?"