डोमाजी गुरुजींचं राज्य

लेखकाच्या शेजारी राहिलं की किस्से गोळा करावे लागत नाहीत. मळणीच्या दिवसांत अंगाला भुसा चिकटतो तसे ते चिकटतात. कितीही झटका, चार राहतातच!

आमचे शेजारी डोमाजी गुरुजी, दवनीवाड्याच्या शाळेचे मास्तर. मी पुण्याहून बी.ए. होऊन गावी परतलो, तेव्हा ते राजे, राक्षस आणि उडत्या हत्तींच्या एका अवाढव्य कादंबरीचा पाचवा, शेवटचा भाग लिहीत होते. नागपूरच्या प्रकाशकाने कळवलं होतं, शेवट दिवाळीआधी हातात पडला तर पाचही भाग छापू. नाहीतर एकही नाही.

*

त्या राज्याचा नकाशा गुरुजींनी वर्गात हिंदुस्थानच्या नकाशाशेजारी टांगला होता. तपासणीला आलेले डिप्टी साहेब त्याच्यापुढे बराच वेळ थांबले. संस्थानं विलीन होण्याचे दिवस होते.

"मास्तर, हे संस्थान भारतात सामील झालं का?"

गुरुजी हात जोडून म्हणाले, "नाही साहेब. राजा अजून ऐकून नाही राहिला!"

*

कागद आणायला गुरुजी गोंदियाला जात. तिथला शेठ एकदा न राहवून म्हणाला, "मास्टरजी, फिर दो रीम? कोई मुकदमा चल रहा है क्या?"

"हो ना शेठ, राजगादीचा. दोघं भाऊ भांडून राहिले."

शेठ हळहळला. "समझौता करा दो. वकील ही खा जाएगा!"

*

पोस्टमनने एकदा अंगणातून गुरुजींच्या बायकोला हाक मारली, "काकू, गुरुजी काय करून राहिले?"

"लढाई करून राहिले."

"लंबी हाय काय?"

"भात थंडा झाला ना! मरणारा मरूनच नाही राहिला!"

*

मलाही एकदा राहवलं नाही. देश स्वतंत्र झालाय, गावात दवाखाना नाही, विहिरी नाहीत, आणि आपण उडते हत्ती लिहिता? मी चांगला अर्धा तास बोललो. गुरुजींनी सगळं शांतपणे ऐकलं.

"बरोबर हाय बाबू. मंग हत्ती खाली उतरवू काय?"

"अहो, थांबा!" मी ओरडलो. "आधी राणीला नदीपार होऊ द्या!"

*

लिहून झालेलं प्रकरण गुरुजी रविवारी सकाळी शाळेच्या ओसरीत वाचून दाखवत. शेवटचं ऐकायला अख्खं गाव लोटलं. राक्षसाने लाथ मारली, राजधानीच्या तलावाची पाळ फुटली, सगळं राज्य बुडालं. समाप्त!

एकही टाळी पडली नाही. पुढेच बसले होते म्हातारे फागूबाबा कोहळी. त्यांच्या घराण्याने पिढ्यान्‌पिढ्या तलाव बांधलेले.

"पाळ कोनं बांधली होती जी?"

"राजानं."

"राजानं? मंग फुटनारच!"

लोक हसले. फागूबाबा हसले नाहीत. "अन् गावातली मानसं कुठं गेली होती?"

गुरुजी कळवळून म्हणाले, "बाबा, आता काही होत नाही. उद्याचं टपाल चुकलं तर पुस्तकच निघत नाही."

फागूबाबा उठून गेले.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं शिवलेलं पार्सल घेऊन पोस्टात गेलो. दारात फागूबाबा. मागे वीस माणसं. कोणाच्या खांद्यावर फावडं, कोणाच्या डोक्यावर टोपली.

"कायले आलात इतके जण?" गुरुजींनी विचारलं.

"पाळ बांधाले. तुमी फक्त जागा दाखवा."

गुरुजींनी एकदा पोस्टाच्या घड्याळाकडे पाहिलं. मग पायरीवर बसले, पार्सलाची शिवण दातांनी तोडली आणि म्हणाले, "डाव्या अंगानं या. तिकडं पानी कमी हाय."