हात मागे बांधणारे भाई

कॉम्प्युटर अडला की आपण काय करतो? माऊस आपटतो, मग दिसेल ते बटण दाबतो. भाई अशा वेळी दोन्ही हात पाठीमागे बांधून उभे राहत. मान जराशी तिरपी करून पडद्याकडे बघत आणि आम्हालाही बजावत, "हात मांगं घ्या. आधी पाहू द्या."

अमरावतीत राजापेठेत आमचं दोन खोल्यांचं ऑफिस होतं. मेळघाटातल्या कोरकू म्हाताऱ्या माणसांचे शब्द, गाणी, गोष्टी रेकॉर्ड करून जपायच्या, एवढंच आमचं काम. भाई अकोल्याचे. आधी रेडिओ दुरुस्त करायचे, मग स्वतःच पुस्तकं आणून कॉम्प्युटर शिकले. आठवड्यातून तीन दिवस बडनेरा स्टेशनवर उतरून ऑटोने आमच्याकडे येत.

हातात चार कप्प्यांचा डबा असे. शनिवारी त्यातल्या खालच्या कप्प्यात रुमालात गुंडाळलेली हार्ड डिस्क जाई. आमच्या सगळ्या कामाची एक प्रत अमरावतीत आणि एक अकोल्याला, हा त्यांचा नेम. एकदा आमच्या टायपिस्टबाईंनी आंबाडीच्या भाजीच्या आशेने नेमका तोच कप्पा उघडला. "बाई, ते जेवाचं नाई, ते वाचवाचं हाय," भाई शांतपणे म्हणाले आणि भाजीचा कप्पा त्यांच्यापुढे सरकवला.

आमचा संग्रहाचा प्रोग्राम एका जुन्या कॉम्प्युटरवरच चालायचा. तो शेवटच्या घटका मोजू लागला तेव्हा भाईंनी त्याची अख्खी डिस्क एका फाइलीत उतरवून घेतली. नव्या कॉम्प्युटरवर ती फाइल सुरू केली की जुना कॉम्प्युटर एका चौकटीत जसाच्या तसा चालू लागे. याला व्हर्च्युअल मशीन म्हणतात हे मला नंतर कळलं. भाई त्याला बुढा म्हणत. सकाळी आले की पहिला प्रश्न, "बुढा उठला का?"

बुढ्याची मूळ फाइल मात्र ते कुणालाही एकटी उघडू देत नसत. तिच्या शेजारी एक छोटी फाइल होती, रोजचं नवं काम तिच्यात साठायचं. दोन्ही मिळूनच बुढा उठायचा. "मूळ फाइलले हात लावू नोका," हे मी त्यांच्या तोंडून इतक्यांदा ऐकलं होतं की ऐकू येणंच बंद झालं होतं.

त्या वर्षी भाईंच्या पत्नी आजारी पडल्या आणि ते महिनाभर आले नाहीत; शनिवारची प्रतही अकोल्याला गेली नाही. त्याच महिन्यात मी धारणीच्या पुढच्या एका गावात जाऊन एका आजींच्या अकरा रेकॉर्डिंग आणल्या. त्या छोट्या फाइलीत साठवल्या आणि रेकॉर्डरचं कार्ड पुढच्या फेरीसाठी पुसून टाकलं. पंधरा दिवसांत आजी गेल्याचा निरोप आला. पाठोपाठ त्यांच्या मुलीचा फोन, "मॅडम, मायचा आवाज द्याल ना?" मी लगेच हो म्हटलं.

आणि नेमकी तेव्हाच मी माती खाल्ली. दोन्ही फाइली मिळून बुढा फार सावकाश चालतो म्हणून एका सकाळी घाईत मूळ फाइल एकटीच उघडली आणि तिच्यात काम केलं. दुसऱ्या दिवशी दोन्ही फाइलींचं एकमेकींशी जमेना. बुढा उठेना. घाबरून मी 'दुरुस्त करा' असं बटण दाबलं, तेव्हा छोट्या फाइलीत काय कुठे ठेवलंय याची यादीच विस्कटून गेली.

भाई आले. मी रडत रडत सगळं सांगितलं. वाटलं, आता आपली काही धडगत नाही.

"काहून उघडली?"

"घाई होती भाई."

"घाई तं सगळ्याइलेच हाय," ते म्हणाले आणि हसले. मग हात मागे बांधून बराच वेळ पडद्याकडे पाहत राहिले. एवढंच. मनाला लावून घेण्यासारखा एक शब्दही त्यांनी मला ऐकवला नाही, तेव्हाही नाही आणि नंतरही नाही. या एका गोष्टीसाठी मी त्यांची जन्माची ऋणी आहे.

अकोल्याला मूळ फाइलीची न बिघडलेली प्रत होती. पण आजी होत्या छोट्या फाइलीत, आणि ती उघडणारं साधन बाजारात कुठे मिळेना. मग भाईंनी ते स्वतःच लिहायला घेतलं. प्रोग्राम लिहिणारे ज्याला लायब्ररी म्हणतात, म्हणजे इतर प्रोग्रामना हाताशी लागणाऱ्या तयार फाइलींचा संच, तसा एक छोटा संच. "बुढ्याले उठवाचं नाई," ते मला समजावत, "झोपेतच त्याचे खिसे पाहाचे."

आठ दिवस ते रोज अकोल्याहून आले. छोट्या फाइलीचा एकेक तुकडा वाचायचा, तो कुठे बसतो ते ताडायचं, पुढचा घ्यायचा. मी चहा ठेवायचे, तो निवून जायचा. आठव्या दिवशी चार वाजून गेले तरी डबा तसाच बंद होता. मी म्हटलं, "भाई, जेवून घ्या." ते म्हणाले, "थांबा ना बाई, पाहून राह्यलो."

थोड्या वेळाने स्पीकरमधून खरखर आली आणि मग आजी. नाचणी, कुटकी अशा धान्यांची नावं सांगता सांगता मध्येच अंगणातल्या कोंबडीला हाकलणाऱ्या. मी भाईंचे आभार मानायला लागले तर म्हणाले, "शुक्रिया नोका म्हणू. कॉपी काढा."

धारणीच्या बाजारात त्या मुलीला मी मोबाइलवर आईचा आवाज ऐकवला. पदर तोंडाला लावून ती ऐकत होती. आई कोंबडीवर ओरडली तेव्हा मात्र ती खुदकन हसली, आणि मग तिने तेवढंच पुन्हा तीनदा लावायला सांगितलं. अकोल्याला फोन करून मी हे भाईंना कळवलं. ते म्हणाले, "कोंबडी बी वाचली म्हणा."

मागच्या थंडीत भाई गेले.

परवा पुण्याहून एका इंजिनिअर मुलीचा फोन आला. भाईंनी इंटरनेटवर सगळ्यांसाठी खुली ठेवलेली ती लायब्ररी तिने दुसऱ्या एका संग्रहासाठी घेतली आहे. म्हणाली, "ताई, काम फार नेटकं आहे. फक्त मधेमधे मराठीत काहीबाही लिहिलंय. प्रोग्रामला त्याचा काही उपयोग नाही. काढून टाकू?"

मी त्या फाइली कधी उघडून पाहिल्याच नव्हत्या. फोन कानाशी धरूनच त्या उघडल्या. एके ठिकाणी लिहिलं होतं, 'इथं घाई केली तं माती होते.' दुसरीकडे, 'हा आकडा काहून येते, मले समजलं नाई. पण येते.' आणि शेवटच्या फाइलीच्या अगदी तळाशी एकच ओळ होती.

'आजीचा आवाज आला. आता जेवतो.'

"ताई, आहात ना? काढू का?" ती पलीकडून विचारत होती. मी फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला, दोन्ही हात पाठीमागे बांधले आणि तिला म्हटलं, "मूळ फाइलला हात लावू नकोस."