वाटीभर पाणी वाचवलं आणि पाक जळाला

उदगीरकर मैत्रिणींनो, आज मक्याच्या गोड लाह्या करायला गेले आणि तोंड कडू करून बसले.

पोरीचा वाढदिवस होता. लाह्या मस्त फुटल्या, गुळाचा पाक चढवला. पाकाचा थेंब पाण्यात टाकायचा, गोळी झाली की उतरवायचा, हे मला सासूबाईंनीच शिकवलेलं. आज त्यांनीच माझ्या हातातली पाण्याची वाटी काढून घेतली.

"टँकर कधी येईल म्हाईत न्हाई. पाणी नासू नको, अंदाजानं बघ."

अंदाज चुकला, पाक करपला. पोरगी त्या काळ्या लाह्या खात "लई गोड हायत मम्मी" म्हणाली, तेच जास्त लागलं.

तेवढ्यात खाली टँकरचा हॉर्न वाजला. घागर घेऊन पळाले. उदगीर नवा जिल्हा व्हावा म्हणून मोर्चा निघणार होता, धूळ उडू नये म्हणून टँकरवाले त्या पाण्यानं रस्ता भिजवत होते. आमच्या घागरीत थेंब न्हाई. वर गॅलरीत सासूबाई तीच वाटी धरून बघत होत्या.

रस्ता चकाचक झालाय. जिल्हा होईल तेव्हा होईल. तोवर एवढंच सांगा बायांनो, करपलेली कढई बिनपाण्याची कशी घासता तुम्ही?